पगाराचं खातं

सकाळी फोन वाजला तेव्हा मी दुधावर लक्ष ठेवून उभी होते. दूध वर यायच्या बेतात असताना फोन उचलायचा नसतो, हे वहिनीने मला इतक्या वेळा सांगितलंय की हल्ली ती सांगत नाही, नुसतं फडकं आणून ओट्यावर ठेवते. नंबर अनोळखी होता. पलीकडचा आवाज जाड, खालच्या पट्टीतला, कसलीही घाई नसलेला. "पगाराच्या ताई ना?" मी हो म्हटलं. "मी धुलाईतला बॉयलरवाला बोलतोय. पगार आला नाही, कुणाचाच. बँकेत गेलो तर म्हणाले, कोर्टाने खातं गोठवलंय. मालक म्हणतात, ताईंनी गोठवलं. खरं का?" धुलाईतून फोन आला की मागे यंत्रांची घरघर असते, ती आज नव्हती. एवढी शांतता होती की मला वाटलं, सगळे त्याच्याभोवती गोळा होऊन ऐकत उभे असणार. मी "हं" म्हटलं. ते हो होतं की नाही, माझं मलाही सांगता आलं नसतं. तो म्हणाला, "मग आम्ही येतो तुमच्याकडे. आठदहा जण आहोत. दुपारी ऑफिसात असाल ना? कुठे जाऊ नका." मी "हो, हो, या की" असं काहीतरी म्हणाले, पाहुण्यांना म्हणतात तसं. फोन ठेवला आणि लगेच बंदच करून टाकला. दूध तोवर ओट्यावरून खाली माझ्या पायावर आलं होतं. चटका बसलाय हे मला बऱ्याच वेळाने कळलं.

"कुणाचा होता?" वहिनीने विचारलं. मी सांगितलं. माझी पाचावर धारण बसली होती आणि ते लपवण्याइतकीही ताकद अंगात नव्हती. दादा गेल्यापासून घरात आम्ही दोघीच. वहिनी माझ्याहून वयाने लहान, नात्याने मोठी, आणि त्या मोठेपणाचा ती पुरेपूर फायदा घेते. "येऊ देत की," ती म्हणाली, "माणसंच आहेत ना?" मी म्हटलं, "आठदहा आहेत." "मग चहाला दूध लागेल, ते तू सांडून बसलीस." "अगं, कुठे जाऊ नका म्हणाला तो. असं कोण बोलतं?" "मी बोलते. रोज बोलते. तू जातेस." ती खाली बसून फरशी पुसू लागली. माझ्या पायाशी आल्यावर तिने पाय उचलून बघितला, त्यावर फुंकर घातली आणि म्हणाली, "भित्यापाठी ब्रह्मराक्षस. आधी पायाला पाणी लाव." मला तिचा राग आला. ज्याला भीती वाटत नाही त्याचा भित्र्या माणसाला नेहमीच राग येतो, आणि मी तर जन्माची भित्री. लहानपणी जिना चढताना मी शेवटच्या चार पायऱ्या पळत चढायची, कारण खालून कुणीतरी घोटा धरील असं वाटायचं. अजून वाटतं. फक्त आता पळता येत नाही.

माझा धंदा दुसऱ्यांचे पगार करण्याचा. ज्या लहान कारखान्यांना, दुकानांना स्वतःचा हिशेबनीस ठेवणं परवडत नाही, त्यांच्या माणसांच्या हजेऱ्या माझ्याकडे येतात. कुणाच्या रजा किती झाल्या, कुणी जादा पाळी केली, कुणाची उचल कापायची, हे सगळं बघून महिन्याच्या शेवटी कुणाच्या खात्यात किती टाकायचे ते मी बँकेला कळवते. या कामाची फी मिळते, मिळायला हवी. धुलाईचं काम माझ्याकडे सगळ्यात जुनं. हॉटेलांच्या आणि दवाखान्यांच्या चादरी धुणारा तो मोठा कारखाना. मी तिथे आयुष्यात दोनदा गेले असेन, तेही मालकाच्या काचेच्या खोलीपर्यंत. मालक मृदू बोलायचा, उठून खुर्ची द्यायचा, वहिनीची चौकशी करायचा, आणि फीचा विषय निघाला की "उद्या" म्हणायचा. आम्ही दोघी घरात त्याला उद्यासाहेबच म्हणायचो. पण माझी खरी ओळख त्याच्या माणसांशी, म्हणजे त्यांच्या आवाजांशी. हजेरीच्या यंत्राशेजारी भिंतीवर पाटी होती, पगाराबद्दल काही विचारायचं असेल तर या नंबरवर विचारा, आणि नंबर माझा. मी काम सोडलं, दावा लावला, तरी ती पाटी कुणी काढली नाही. पगार मालकाचा भाचा बघायला लागला होता, त्याला बेरीज आली तरी वजाबाकी येत नव्हती, म्हणून माणसं मलाच विचारत राहिली. मी सांगत राहिले. फुकट. वहिनी म्हणायची, लष्कराच्या भाकऱ्या भाज. पण डागवालीने, म्हणजे दवाखान्याच्या चादरींवरचे डाग काढायला जी बाई असते तिने, "ताई, माझी रजा उरलीय का हो?" असं विचारलं की मला नाही म्हणवायचं नाही. घडी घालणाऱ्या दोघी बहिणी एकाच दिवशी कधी रजा घेत नाहीत, कारण घरी आईपाशी एक लागते. गाडीवाल्याने मेव्हण्यासाठी उचल काढली आणि मेव्हणा पसार झाला. मोठ्या इस्त्रीवरच्या एकाचा हात कोपरापर्यंत भाजला होता, त्याच्या भरपगारी रजेसाठी मी उद्यासाहेबांशी तासभर भांडले होते. मला त्यांच्या घरातलं इतकं ठाऊक होतं, पण तोंड एकाचंही पाहिलेलं नव्हतं. रस्त्यात समोरून आले असते तर मी वाट देऊन पुढे गेले असते.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. दावा लावायचं ठरलं तेव्हा मी ही म्हण वहिनीला ऐकवली, तर ती म्हणाली, "मग तुला काय हरकत आहे?" हरकत पैशांची होती. थकलेली फी इतकी साचली होती की तिच्यावाचून ऑफिसचं भाडं निघेना, आणि कोर्टात जायचं तर हातात आणखी पैसे हवेत. दादाने वहिनीच्या नावावर जे काही मागे ठेवलं होतं ते तिने काढून माझ्यापुढे ठेवलं. एक शब्द बोलली नाही. काही बोलली असती तर बरं झालं असतं. तेव्हापासून मी जिंकावं म्हणून नाही, तर तिच्या नावावर ते परत जावेत म्हणून तारखांना जात होते. ते गेले नाहीत तर आम्हा दोघींच्या म्हातारपणाखाली काहीच उरणार नव्हतं, हे आम्ही कधी एकमेकींना बोलून दाखवलं नाही. दावा जिंकला. मला वाटलं, सुटले. वकील हसले. निकाल म्हणजे पैसे नव्हेत ताई, म्हणाले, वसुलीसाठी पुन्हा अर्ज करायचा असतो, आणि काय जप्त करायचं ते आपणच कोर्टाला दाखवायचं असतं. मालकाच्या मालकीचं तुम्हाला काय काय माहीत आहे? मी विचार केला. यंत्रं कर्जाची, जागा भाड्याची, गाडी बायकोच्या नावाची. "बँकेतलं एखादं खातं?" वकिलांनी विचारलं, आणि मी पाढा म्हणावा तसा आकडा घडाघडा म्हणून टाकला. इतकी वर्षं महिन्याच्या महिन्याला माझ्या बोटांनी टंकलेला आकडा, झोपेतसुद्धा चुकले नसते. वकील खूश झाले. "आणि त्यात पैसे कधी असतात?" तेही सांगितलं. पगाराच्या आदल्या दोन दिवसांत असतात, बाकी महिनाभर ते खातं रिकामं. शाळेत पहिल्या बाकावरच्या मुलीने उत्तर द्यावं तशी मी मान ताठ करून सांगत होते. ते पगाराचं खातं होतं हे मला माहीत नव्हतं असं नाही. पण माझ्या धंद्यात खातं म्हणजे आकडा, तो बरोबर असला की काम झालं. त्या आकड्याच्या पलीकडे डागवाली उभी आहे हे मला त्या खुर्चीत बसून सुचलंच नाही. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हे.

आता मात्र सगळे उभे राहिले. मी केस विंचरत होते आणि कंगवा केसांत तसाच अडकवून विचार करत होते की ते येऊन काय करतील. ओरडतील. ओरडले तर ऐकून घेता येईल. पण तो बॉयलरवाला ओरडणाऱ्यांतला नव्हता. मी कितीतरी लोकांचे आवाज ऐकलेत, पगार कापला गेल्यावर माणूस आधी चढ्या आवाजात बोलतो, मग रडकुंडीला येतो, मग शेवटी आभार मानतो. ज्याचा आवाज चढतच नाही त्याने काहीतरी ठरवलेलं असतं. कुठे जाऊ नका. मला एकदम माझी पहिली नोकरी आठवली. पगार रोखीने वाटायचे ते दिवस. लाकडी पार्टिशनला हातभर उंचीची खिडकी आणि आत मी. खिडकी इतकी खाली होती की समोरच्याचं तोंड दिसायचं नाही, नुसते हात आत यायचे. तेलकट, चुन्याने पांढरे झालेले, नखं तुटलेले. मी हातावर पैसे ठेवायची आणि हात जायचे. एका महिन्यात बँकेतून रोकड यायला उशीर झाला. बाहेर गर्दी झाली, पार्टिशन हलायला लागलं, कुणीतरी शिट्टी मारली, आणि त्या खिडकीतून एक हात आत आला आणि त्याने माझं मनगट धरलं. पिळलं नाही, ओढलं नाही. नुसतं धरून ठेवलं. मी ओरडायचं म्हटलं तर दातखीळ बसलेली. त्या हाताला वाटलं असेल, हिला सोडलं तर पैसे येणार नाहीत. किंवा काहीच वाटलं नसेल, आधाराला धरलं असेल. मोठे रोखपाल येईपर्यंत आम्ही दोघं तसेच होतो, मी आत, तो बाहेर, आणि त्याची नाडी माझ्या नाडीवर उडत होती. पुढे मी रोख पगाराच्या कामाला कधी हात लावला नाही. बँकेतून जाणारे पैसे बरे, त्यांना माणसं चिकटून येत नाहीत, असं मी म्हणायची.

"मी कोर्टात जाते," मी वहिनीला म्हटलं, "खातं सोडवते." ती पोळपाट धूत होती, तिने पाणी बंद केलं. "सोडवते म्हणजे?" "जप्ती उठवा म्हणून लिहून देते. त्यांचे पगार होऊ देत. आपलं नंतर बघू." "नंतर कुठून बघशील?" मग मी जरा मोठ्या आवाजात म्हणाले की गरिबांच्या पोटावर पाय देऊन मला पैसे नकोत. वहिनी माझ्याकडे बघत राहिली. तिच्या त्या बघण्यापुढे आजवर माझं एकही खोटं टिकलेलं नाही. "पोटावर पाय नको हे मला पटतं," ती म्हणाली, "त्यासाठी सोडत असलीस तर सोड, मी तुझ्या दादाच्या पैशांचं नावही काढणार नाही. पण आधी ते काय म्हणतात ते ऐक. दुपारपर्यंत थांब." मी थांबले नाही. दुपारपर्यंत थांबणं म्हणजेच तर ते होतं, ज्याला मी भीत होते. मला ती आठदहा माणसं यायच्या आत त्यांच्यासाठी सगळं करून मोकळं व्हायचं होतं, म्हणजे ती यायचीच नाहीत. भूतदयेचं सोंग मी घरातून निघताना पर्समध्ये घातलं, आणि बंद फोन तिच्याकडेच ठेवून गेले. ती म्हणाली, "अगं, निदान हा तरी ने." मी जिना उतरले होते.

रस्त्यावर आल्यावर कळलं की घरात होतं ते काहीच नव्हतं. घरात निदान वहिनीचं तोंड मला माहीत होतं. इथे प्रत्येक माणूस बॉयलरवाला असू शकत होता. कोपऱ्यावर एक धिप्पाड इसम दुकानाच्या पायरीवर बसून दात कोरत होता, त्याने माझ्याकडे पाहिलं आणि मी रस्ता ओलांडला. पलीकडे दोन बायका हातात हात घालून येत होत्या, चेहऱ्याने सारख्या, घडीवाल्या बहिणी अशाच असतील, एकीचं वय जास्त. पण त्या दोघी एकत्र कशा, आईपाशी कोण आहे, असं माझ्या मनात आलं, आणि मग आठवलं की आज काय, आज सगळेच मोकळे आहेत, माझ्यामुळे. बसमध्ये मी बायकांच्या बाजूला खिडकीशी बसले. उभ्या माणसांच्या गर्दीत माझ्या डोक्यावरच्या दांडीवर एक हात होता, मनगटापासून कोपरापर्यंत कातडी गुळगुळीत, गुलाबी, ओढल्यासारखी. भाजलेला हात. त्याच्या कपड्यांना धुण्याच्या पावडरीचा वास येतोय असं मला वाटलं, मग वाटलं तो माझ्याच ओढणीचा आहे. मी मान वर केली नाही. भरपगारी रजा मी मिळवून दिली होती बरं का, हे त्याला सांगावं असं मला वाटत होतं. वाटत होतं, हे सांगितलं तर तो मला काही करणार नाही. हात खाली आला तेव्हा मी इतकी दचकले की शेजारच्या बाईने मला पर्स मागे घ्यायला सांगितली. तो माणूस उतरून गेला. मागे वळूनही पाहिलं नाही त्याने. कशाला पाहील? मी पुढच्या थांब्यावर उतरले, माझा थांबा नव्हता तरी, आणि उरलेली वाट भिंतीच्या कडेकडेने चालत गेले.

वकील आधी हसले, मग त्यांना कळलं की मी खरंच बोलतेय. "ताई, आज तो मालक दहा ठिकाणी फोन करत असेल. एक-दोन दिवस कळ काढा. पगार द्यायचेत तर तो कुठूनही आणून देईल, आणि तुमचेही देईल. हे खातं म्हणजे त्याची शेंडी आपल्या हातात आहे." मी म्हटलं, "ती माणसं दुपारी माझ्याकडे येणार आहेत." "येऊ देत. पोलिसांना सांगून ठेवू." पोलीस म्हटल्यावर माझ्या डोळ्यांपुढे डागवालीला गाडीत चढवताना दिसलं. तोंड नसलेली डागवाली. मी म्हटलं, "मला सोडायचंय. तुम्ही अर्ज लिहा." वकिलांनी पेनाचं टोपण काढलं, घातलं, काढलं. "पैसे परत हातात येणार नाहीत, हे समजून सही करा," ते म्हणाले. वहिनीने हेच विचारलं होतं, पण वहिनी निदान पोळपाट धुता धुता विचारत होती. बाहेर व्हरांड्यात उद्यासाहेब उभे होते. त्यांना कुणी कळवलं होतं, की ते तिथेच असणार होते, कोण जाणे. नेहमीचा इस्त्रीचा पांढरा शर्ट, मृदू चेहरा, बाजूला भाचा. "ताई," ते हात जोडून म्हणाले, "माझं सोडा. माझ्यावर तुमचा राग आहे तो योग्यच आहे. पण त्या बिचाऱ्यांची चूल बंद आहे. आणि माणसं भडकलीत हो. मी त्यांना तुमचा पत्ता देत नव्हतो, पण आता माझंही ऐकत नाहीत." हे म्हणताना त्यांनी आवाज इतका खाली आणला की मला ऐकायला पुढे वाकावं लागलं. मी विचारलं, "खातं मोकळं झालं तर पगार कधी होतील?" आणि आयुष्यात पहिल्यांदा ते उद्या म्हणाले नाहीत. "आजच," ते म्हणाले, "बँक बंद व्हायच्या आत." मला इतकं बरं वाटलं की मी जवळजवळ त्यांचे आभार मानले. जज्जसाहेबांनी अर्ज दोनदा वाचला, चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "पैसे तुमचे आहेत. स्वखुशीने सोडताय?" हो. "कुणाचा दबाव?" त्या खोलीत पंखा फिरत होता, कारकून खोकत होता, मागे कुणीतरी बाळाला थोपटत होतं. कुणाचं नाव सांगणार? "नाही," मी म्हणाले. हुकूम झाला. बँकेच्या नावाचं पत्र भाच्याने हातोहात घेतलं आणि तो पायऱ्या पळत उतरला. मला वाटलं, किती कळवळा आहे.

त्यानंतरचा वेळ माझ्या आयुष्यातला फार हलका वेळ होता, हे मी लपवणार नाही. ऑफिसात गेले नाही. तशी गरज उरली नव्हती, पण पाय तिकडे वळेनात. कोर्टाजवळच्या बागेत एका बाकावर बसले, शेंगा घेतल्या आणि एकेक सोलून खाल्ली. आता जाणारे-येणारे लोक नुसते लोक होते. एक म्हातारा माझ्या बाकावर येऊन बसला, त्याला मी थोड्या शेंगा दिल्या. माझ्या डोक्यात एकेकाच्या खात्यात पैसे पडत होते, डागवालीच्या, बहिणींच्या, गाडीवाल्याच्या, त्याची उचल कापून. मला ते आकडे अजून साधारण पाठ होते. सुंठेवाचून खोकला गेला, असं मी स्वतःशी म्हटलं, आणि मग वहिनीचे पैसे आठवून ती शेंग तशीच हातात धरून बसले. सुंठ वहिनीची होती. तिला काय सांगायचं याची मी वाक्यं जुळवू लागले. त्यांचे दुवे लागतील आपल्याला, हे एक वाक्य बरं वाटलं. ते घोळवत घोळवत मी उन्हं कलल्यावर घराकडे निघाले. पायाच्या चटक्याचा आता फोड आला होता आणि चप्पल त्याला घासत होती.

जिन्यातच आवाज ऐकू आले. आमच्या घरात एवढे आवाज दादा गेला त्या दिवसानंतर नव्हते. दार उघडं होतं. मला पळून जावंसं वाटलं, पण आतून वहिनीने हाक मारली, "आलीस? ये, दुपारपासून वाट बघतायत तुझी. ऑफिसला कुलूप बघून खालच्या दुकानदाराला पत्ता विचारून आले." खोली भरली होती. खाटेवर, खुर्च्यांवर, जमिनीवर माणसं बसली होती, आणि मी आत पाऊल टाकल्याबरोबर सगळी उठून उभी राहिली. घरातले सगळे कप आणि शिवाय दोन वाट्याही चहाला लागल्या होत्या. एक किडकिडीत, जेमतेम माझ्या खांद्याला लागेल एवढा माणूस पुढे आला. "मी बॉयलरवाला," तो म्हणाला. तोच जाड आवाज, त्या एवढ्याशा अंगातून. "बसा ताई. पाय दुखावलाय ना, वहिनी सांगत होत्या." कुणीतरी खुर्ची पुढे केली. मी बसले. मी हात मांडीखाली घातले. एक ठेंगणी बाई माझ्याजवळ जमिनीवर टेकली. तिचं बोलणं ऐकताच मी ओळखलं, डागवाली. इतकी वर्षं मी तिला वयस्कर समजत होते, ती माझ्या वहिनीपेक्षाही तरुण होती. "फोन लागतच नव्हता हो तुमचा," ती म्हणाली, "आम्हाला वाटलं, त्याने तुम्हाला काही केलं की काय."

मग बॉयलरवाल्याने सांगितलं. कालपासून कारखान्यातून यंत्रं हलताहेत. दुरुस्तीला नेतोय म्हणून मालक सांगतो, पण दुरुस्तीला नेताना कुणी पाइप कापून नेत नाही. बॉयलर सकाळीच थंड केला. जागेच्या मालकालाही जागा सोडतोय म्हणून कळवलंय. "तो पळायच्या बेतात आहे ताई. त्याच्याकडे आता आहे ते फक्त त्या खात्यातलं. आम्ही युनियनच्या एका जुन्या माणसाला विचारलं, तो म्हणाला, त्या बाईंनी कोर्टाचा हात ठेवलाय तोवर त्याला एक पैसा काढता येणार नाही. तुम्ही पण तिथेच अर्ज करा, कोर्ट दोघांचं बघेल." त्याने चहाचा कप दोन्ही हातांनी धरला होता. "म्हणून आलो. तुमच्यावर काय काय दबाव येईल, मालक गोड बोलेल, आमची नावं सांगेल. काही झालं तरी खातं सोडू नका, एवढं सांगायला आलो. आमचं आम्ही महिनाभर काढू कसंतरी." "उसनंपासनं करून," मागून कुणीतरी म्हणालं. "मेव्हणा सोडून कुणाकडूनही," आणखी कुणीतरी म्हणालं, आणि सगळे हसले. त्या हसण्यातून मला गाडीवाला दिसला. दाराशी उभा होता तो भाजलेल्या हाताचा. बसमधला नव्हे, अगदी वेगळाच माणूस. डागवाली म्हणाली, "भाचा सकाळी दुसऱ्या खात्याची कागदपत्रं घेऊन बँकेच्या दारात बसला होता म्हणे, कशाची वाट बघत होता कळत नाही."

मी भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. बँक बंद होऊन बराच वेळ झाला होता. वहिनी स्वयंपाकघराच्या दारात उभी होती आणि माझ्याकडे बघत होती. तिला कळलं होतं. बाकीचे मी काहीतरी सांगेन म्हणून थांबले होते, फोनवर थांबायचे तसे, मी रजा मोजून होईपर्यंत.

"मी सोडलं," मी म्हणाले. "दुपारीच. सही करून आले."

बॉयलरवाल्याने कप खाली ठेवायला जागा शोधली, ती सापडेना, मग तो तसाच धरून राहिला. बहिणींपैकी धाकटी जमिनीवर बसली. भाजलेल्या हाताचा माणूस वळून जिना उतरायला लागला, धावत, जणू अजून बँकेत पोहोचता येईल. त्याच्या पावलांचा आवाज खालपर्यंत ऐकू आला.

"त्याने धमकावलं का तुम्हाला?" डागवालीने विचारलं. तिचा आवाज माझ्या बाजूचा होता, अजूनही. "मालकाने?"

मला हो म्हणता आलं असतं. त्यांनी विश्वास ठेवला असता, वहिनी सोडून सगळ्यांनी. ते सोपं होतं आणि तेवढंच बोलायचं राहिलं होतं.

"नाही," मी म्हणाले. "मला तुमची भीती वाटली."

"आमची?" डागवाली म्हणाली. आणि नक्की कुणाची, ते बघायला तिने मागे वळून बाकीच्यांकडे पाहिलं.